खुंटीवरचा बिल्ला

बाबा, आज पुण्याच्या ऑफिसात तुमच्यामुळे माझी नोकरी जाता जाता राहिली, आणि तेव्हापासून मी नुसता हसून राहिलोय.

काम तुम्हाला कळेल असंच आहे. कंपनीच्या नेटवर्कवर कोणता कॉम्प्युटर, कोणता प्रिंटर, त्यात कोणतं सॉफ्टवेअर, कोणाच्या ताब्यात, याची यादी मी ठेवतो. दहावी नापास पोराला हे कोण देणार? पण मुलाखतीत मी कन्हानच्या कोळसा खाणीतलं तुमचं बत्तीघर सांगितलं, खाली उतरणाऱ्यांना दिवे द्यायची ती खोली. माणूस बत्ती घेऊन खाली उतरला की त्याचा पितळी बिल्ला खुंटीवर. बत्ती परत आली की बिल्ला त्याच्या हातात. नापास झालो त्या उन्हाळ्यात तुम्ही मला तिथे बसवलं होतं. पाळी सुटलेली, एकच बिल्ला लोंबतोय, बरं दिसेना म्हणून मी तो काढून डब्यात टाकला. केवढे ओरडलात! "काहून गा? माणूस खाली हाय अन् तू त्याले घरी पाठवून राहिला?" एवढ्यात तो माणूसच काळ्या तोंडानं वर आला. म्हणे, "मले हजर राहू दे ना गा, अजून जेवाचं हाय!" तुम्हीही हसलात. पण बिल्ला आधी खुंटीवर लावायला लावलात, मग त्याला दिलात.

तर आज चारला तपासणीवाले येणार, आणि नेटवर्कवर यादीत नसलेला एक मोबाइल दिसतोय. मॅडम म्हणाल्या, "शोध, नाहीतर कायम व्हायचं विसर." मी टेबलांखाली रांगलो, कपाटं सरकवली. शेजारचा म्हणतो, "नागपूरहून भूत आणलंस की काय?" सिग्नल कुठे जोरात येतो ते बघत बघत फिरलो, तर थेट माझ्याच खुर्चीशी. माझ्या बॅगेत. तुमचा काच तडकलेला फोन! त्याचं घड्याळ मागे पडतं म्हणून मीच तो गेल्या आठवड्यात ऑफिसच्या वायफायला जोडला होता. तसंच जाऊन मॅडमना सांगितलं.

"चोरही तूच, शिपाईही तूच!" मॅडम डोळे पुसेपर्यंत हसल्या. मग म्हणाल्या, "खरं सांगितलंस ना? झालास कायम. याची नोंद कर, परत नेल्याची तारीख टाक आणि उद्यापासून घरी ठेव."

नोंद केली. 'कोणाचा' या रकान्यात तुमचं नाव लिहिलं. हे सगळं तुमच्याच फोनवर लिहून राहिलोय. पाठवायचं तरी कोणत्या नंबरावर, तुम्ही गेल्यापासून तो फोन तर माझ्याच हातात आहे.

आणि बाबा, तारीख टाकली म्हणून मॅडमना सांगितलं. टाकली नाही. बिल्ला राहू दे खुंटीवर.