मेमरी कार्डातलं पहिलं नाव

रविवार, लेगी. ७ जुलै

आले बाई एकदाची! वोनोगिरीहून सोलोपर्यंत बसमध्ये कुणाचा तरी कोंबडा माझ्या मांडीवर बसून आला, आणि उतरताना मालकाकडे जायला तयार होईना. नात स्टँडवर घ्यायला आली होती. मला बघून म्हणाली, म्बाह, आजीबाई, तू आणखी बुटकी झालीस. मी म्हटलं, तू आणखी काळी झालीस, झाली फिटंफाट.

बोलणं माझं, अक्षर नातीचं, वेनिंगचं. मला लिहिता-वाचता येत नाही, आणि आता शिकायची हौसही नाही. वेनिंग म्हणते, तुझी टकळी दिवसभर चालते, ती गिऱ्हाइकांच्या डोक्यात जाण्यापेक्षा वहीत गेलेली बरी. तारीख ती घालते. वार मी सांगते, कारण लेगी, पाहिंग, पोन, वागे, क्लिवोन हे बाजाराचे पाच वार माझ्या तोंडात दातांपेक्षा पक्के बसलेत.

पुढची खोली दुकान, मागची आमची. दुकानात जुने व्हिडिओ गेम छतापर्यंत रचलेले. वायरी अशा लोंबतात, की पहिल्यांदा वाटलं पोरीने शेवया वाळत घातल्यात. गल्लीत हिला मेलेले खेळ उठवणारी म्हणतात. आज एक मिशाळ पोलीस आला होता. त्याचा अकरा वर्षांचा सेव्ह केलेला फुटबॉलचा खेळ बायकोने पुसून टाकला होता. वेनिंगने तो परत काढून दिला, तर एवढा दांडगा माणूस डोळे पुसायला लागला. मी विचारलं, बायको पुसली गेली असती तर इतका रडला असतास का रे? तर म्हणतो, म्बाह, बायको कुठली पुसली जातेय! समोर पेचेल, म्हणजे चटणी घातलेली पालेभाजी, विकणारी लास्त्री हसून हसून पाटावरून खाली घसरली. गल्ली बरी आहे. मी राहीन इथे.

सोमवार, पाहिंग. ८ जुलै

सकाळी सोयाबीनचे टेंपे तळले, लास्त्रीने पालेभाजीवर घालायला शेंगदाण्याची चटणी दिली. तिची चटणी माझ्यापेक्षा बरी असते, पण हे वहीत लिहू नकोस म्हटलं तरी ही पोर लिहितेच आहे.

आज तिचं काम नीट पाहिलं. बिस्किटाएवढं मेमरी कार्ड असतं. ते कॉम्प्युटरला जोडलं की पडद्यावर पंधरा घरं दिसतात, एकेका घरात एकेकाचा खेळ. पुसलेलं घर करडं होतं. मी म्हटलं, म्हणजे माणूस गेला. ती म्हणाली, नाही गं, पुसलं म्हणजे नुसती दारावरची पाटी काढली. आतला माणूस भांड्याकुंड्यांसकट तिथेच बसलेला असतो. मी पाटी परत लावते, इतकंच.

मला ते आवडलं नाही. का आवडलं नाही ते सांगितलं नाही. चहात साखर कमी आहे म्हणून तिच्यावर ओरडले.

मंगळवार, पोन. ९ जुलै

आज मी फार मोठी चूक केली. सगळं सांगते, एक शब्द गाळू नकोस.

माझ्या पत्र्याच्या पेटीत सुकीरच्या, म्हणजे वेनिंगच्या बापाच्या, जुन्या वस्तूंचं गाठोडं होतं. तो आता कालिमंतानला पामतेलाच्या मळ्यात असतो. वेनिंगने गाठोडं सोडलं, आणि आतून निघालं एक मेमरी कार्ड. मला वाटायचं तो रेडिओचा तुकडा. ती नाचायलाच लागली, म्हणे हे माझं, लहानपणीचं.

तर ऐका. या पोरीचं पहिलं नाव दुसरं होतं. बापाने हौसेने राजघराण्यात शोभेल असं ठेवलं होतं. मी तेव्हाच म्हटलं होतं, मूठभर पोर आणि डोक्यावर एवढा मुकुट. ती सारखी आजारी. सातव्या वर्षी ताप उतरेना तेव्हा सगळे म्हणाले, नाव जड झालं, पोर दबतेय. मग मी गुळाची लाल आणि नारळाची पांढरी पेज केली, शेजारीपाजारी वाटली आणि नवं नाव दिलं. वेनिंग, म्हणजे नितळ. तिसऱ्या दिवशी ताप उतरला. टाकलेलं नाव पुन्हा तोंडाने घ्यायचं नसतं. तिच्या शाळेच्या वह्या नदीत सोडल्या, फ्रॉक जाळले. आणि ज्या खेळात तिने ते नाव घातलं होतं, तो सुकीरने माझ्यादेखत पुसला.

पुसला. काल कळलं पुसणं म्हणजे काय ते.

मी कार्ड हातातून घेणार तोवर तिने ते जोडलं होतं. पंधरापैकी एकच घर करडं. तिने पाटी लावली. जाड टीव्हीवर चित्र आलं, शेत, झोपडी आणि बादली घेतलेली एक चिमुकली पोर. वर चार इंग्रजी अक्षरं. वेनिंग हसली, बोट ठेवलं आणि ते नाव मोठ्याने वाचलं. सतरा वर्षांनी. स्वतःच्या तोंडाने.

चित्रातल्या पोरीने बादली खाली ठेवली. वेनिंग म्हणते खेळात तसं असतंच. असेल बाई.

बुधवार, वागे. १० जुलै

वेनिंग सकाळपासून त्या कार्डावर वाकली आहे. खेळ किती वेळ खेळला गेला याचं घड्याळ त्या घरात असतं. ती लहानपणी जेमतेम तीन आठवडे खेळली होती. तिने आतला आकडा काढला, दोनदा गणित केलं, मग लास्त्रीकडून करून घेतलं. सतरा वर्षं. रात्रंदिवस, एक मिनिट न थांबता. आणि कार्ड माझ्या पेटीत, सुती फडक्यात, ना वायर ना वीज.

मी म्हटलं, बंद कर. तिने बंद केलं. मी म्हटलं, फेक. ती म्हणाली, म्बाह, एवढी वर्षं कुणीतरी एकटं खेळत होतं गं.

तिचं अंग कोमट लागतंय.

गुरुवार, क्लिवोन. ११ जुलै

ताप. दवाखान्यातून गोळ्या आणल्या. तिने त्या गालात धरून ठेवल्या आणि मी वळल्यावर थुंकल्या. चोवीस वर्षांची बाई! दुपारी गिऱ्हाईक आलं, तर ही माझ्या लुगड्याआड लपली. सोल्डरिंग गन कुठल्या बाजूने धरायची ते विसरली, बोट भाजलं. रडली ती पण पोरासारखी, आधी श्वास कोंडून आणि मग एकदम.

तरी वही घेऊन बसली आहे. लिहायचं म्हणते. लिही बाई, तेवढंच मन रमेल तुझं.

टीव्ही लावून पाहिला. शेत आहे, झोपडी आहे, बादली आहे. पोर नाही.

आज

म्बाह सांगते ते मी लिहिते. म्बाह सांगते की आज शुक्रवार आहे आणि पोरीने तीन वाट्या गोड भात खाल्ला. पोर म्हणजे मी. म्बाह सांगते की तिला माझी काळजी वाटते. म्बाहने माझे फ्रॉक जाळले. हे म्बाहने सांगितलं नाही. म्बाह विचारते एवढा वेळ काय लिहितेस. मी म्हणते तू सांगतेस तेच. म्बाह सांगते की पोरीचा ताप उतरला तर ती पेज वाटेल. मागच्या वेळी सगळ्यांना पेज दिली. मला दिली नाही. मी आत होते. पाटी नव्हती. मी हाका मारत होते. म्बाह म्हणते पुरे आता, नीज. मी खूप नीजले.

शनिवार, पाहिंग. १३ जुलै

हे लास्त्री लिहिते आहे. तिच्या पाटावर बसून सांगते आहे. घरात नाही.

सकाळी सहज तिला वही दाखवली. पोर नीट लिहिते का बघ म्हटलं. कालचं पान तिने वाचलं आणि खाली बसली. अक्षर बोटभर मोठं, पहिलीच्या पोराचं. मग तिने हळूच वाचून दाखवलं. मी जे बोललेच नव्हते तेसुद्धा.

मी तिच्या शेजारी बसले होते. भात भरवत होते. आणि ती माझ्याचबद्दल —

लास्त्री म्हणते सुकीरला फोन करा. केला. तो मळ्यात आत आहे, लागत नाही. लास्त्री म्हणते पेज पुन्हा करा. केली. लाल आणि पांढरी. वेनिंग म्हणून नऊ वेळा हाक मारली. तिने सगळी पेज संपवली, बोटं चाटली आणि विचारलं, वेनिंग कोण?

रविवार, पोन. १४ जुलै

लास्त्री लिहिते आहे.

सकाळी पाऊण तास माझी नात परत आली. डोळ्यांवरून कळलं. हात गच्च धरला, भराभर बोलली. म्हणाली, म्बाह, पुसू नकोस. पुसलेलं परत उठतं. तू त्याच घरात नवा खेळ सुरू कर आणि माझं नाव घाल. जुन्यावर नवं लिहिलं की खालचं जातं, मग ते कुणालाच, मलाही, परत काढता येत नाही. कोणतं बटण कधी दाबायचं ते तिने माझ्याकडून चारदा म्हणवून घेतलं. मी म्हटलं लास्त्री लिहील. ती म्हणाली, नाही, नाव तू दिलंस, तूच घालायचं.

मी म्हटलं, न्दुक, पोरी, मला अक्षर येत नाही गं.

ती हसली. म्हणाली, अक्षर कशाला, चित्र समज, कागदावरचं चित्र पडद्यावर शोध. मग तिच्या तोंडाकडे बघत असतानाच — हसू तेच राहिलं. ती नव्हती.

लास्त्रीने कागदावर नाव लिहून दिलं. उद्या घालते. आज उजेड गेला.

सोमवार, वागे

लास्त्री लिहिते आहे. आमच्या दुकानात. दार उघडं ठेवलंय.

झालं. घातलं नाव. मी. या वयात.

सकाळी कागद चहाच्या पेल्याखाली ठेवून बसले. पोर आली, पेला उचलला, म्हणाली म्बाह गार झाला, दुसरा आणते. शहाण्यासारखी. वाटलं उतार पडला. दुसरा चहा आणला, कागदावर ठेवला, आत गेली.

मग मी लावलं सगळं. पहिली खूण बघितली, पडद्यावर शोधली, दाबली. दुसरी. तिसरीला फार वेळ गेला. चौथी. कागद संपला. खालचं बटण. ते घर लुकलुकलं, मग शांत. शेतात पोर आली. बादली घेऊन. इकडे बघत उभी. मी रडले. म्हटलं, गेली ती आत, माझी बाहेर आली.

पळत जाऊन लास्त्रीला आणलं, हे लिहायला. कागद दाखवला, म्हटलं बघ, तुझी चारही चित्रं बरोब्बर —

लास्त्री लिहायची थांबली होती. आता लिहितेय. म्हणते, म्बाह, हा कागद माझा नाही. अक्षर बोटभर आहे. म्हणते वेनिंगला इंग्रजी सहा अक्षरं लागतात, मी सहा लिहिली होती. मग या चार —

लास्त्री, वाचू नकोस. मनातसुद्धा —

चार. त्या दिवशी पडद्यावर पण चारच —

आणि वर लिहिलेलं निघत नाही. मीच — माझ्या हाताने. म्हणजे ती शेतात उभी आहे ती — इकडे बघतेय ती माझी वेनिंग — लास्त्री, टीव्ही बंद नको करू, हात नको लावू, ती तोंड हलवतेय, ती मला म्बाह —

मागून पण कुणी म्बाह म्ह