बाबांच्या फोटोला हार

३ नोव्हेंबर
आजपासून रोज डायरी. इग्नासियो सरांच्या ऑनलाइन वर्कशॉपला नाव घातलं. सर स्पेनचे. सायकॉलॉजिकल हॉररच्या शॉर्ट फिल्म्स करतात. भूत दाखवत नाहीत, तरी घाम फुटतो. ज्याची फिल्म सर्वांत चांगली, त्याला असिस्टंट म्हणून घेणार. म्हणजे मला. नूतनला सांगितलं. म्हणाली, न्यायला आले तर त्यांना बदलापूर ईस्टला उतरायला सांगा, वेस्टला उतरले तर आपलं खरवई गाव सापडायचं नाही. बायको आहे, समजून घेतो.

५ नोव्हेंबर
सर म्हणाले, भीती घरातच शोधा. घरात बाबा आहेत. स्टोरी तयार : बाप जिवंत आहे, जेवतो, पेपर वाचतो, पण मुलाने त्याच्या फोटोला हार घातलाय. मुलगा मीच करणार. इतक्या खोलात दुसरा कोण जाणार?

८ नोव्हेंबर
बाबांचे जेवतानाचे शॉट्स न सांगता घेतले. नॅचरल येतात. चंदनाचा हार उल्हासनगरहून आणला. दुकानदाराने विचारलं, कौन गया? म्हटलं, अभी तो कोई नहीं.

९ नोव्हेंबर
बाबा शेतावर भात झोडायला गेले, तोवर हाराचा सीन उरकला. फोटोचा क्लोजअप स्टेटसला टाकला. खाली काही लिहिलं नाही. सायकॉलॉजिकलमध्ये समजावून सांगायचं नसतं.

१० नोव्हेंबर
गोजर आत्या सकाळीच शिरगावहून रडत आली. दार बाबांनीच उघडलं. आत्या उंबऱ्यावरच बसली. मग अर्धी भावकी, पांढऱ्या कपड्यांत. दुःखाच्या घरात चूल पेटत नाही म्हणून शेजारून पिठलं-भाकरी आली. बाबांनी ती खाल्ली नाही. धाकटा विनीत मोरिवलीहून कंपनीच्या युनिफॉर्मवरच धावत आला, बाबांचे पाय धरून रडला. जरा ओव्हरच. तरी घ्यायला हवं होतं, पण कॅमेरा चार्जिंगला.

संध्याकाळी
बाबांना समजावलं, ही आर्ट आहे. ते म्हणाले, हितेश, इनीत बातमी आयकून रडला. तू हार आनाला बाजारान गेलास, तवा तुला काय वाटला? म्हटलं, थोडा आखूड वाटला. कलावंताने खरं बोलावं.

१२ नोव्हेंबर
बाबा विनीतकडे राहायला गेले. त्यांनाही चेंज हवाच होता. नूतनने तिच्या वडिलांचा फोटो कपाटात ठेवून कुलूप लावलं. अंधश्रद्धा. घर शांत आहे, एडिटिंगला उत्तम. बाबांना उद्या फोन करणार.

१३ नोव्हेंबर
साउंडचं काम. फोन राहिला.

१५ नोव्हेंबर
फिल्म सरांना पाठवली. पासपोर्टचं बघायला हवं. फोन उद्या नक्की.

२१ नोव्हेंबर
सरांचं मत आलं. बाप उत्तम, घर उत्तम, मुलगा पटत नाही. हार घालताना त्याचा हात जरासुद्धा थांबत नाही, असा मुलगा कुठे असतो? असिस्टंट म्हणून पोलंडची कोणी मुलगी घेतली.
सर चुकलेत, पण एक शॉट वाढवला की त्यांना पटेल : मुलगा बापाशेजारी बसलाय, बस्स. विनीतला फोन लावला. म्हटलं, बाबांना दे, दोन मिनिटांचं काम आहे. तो विचारायला आत गेला. परत येऊन म्हणाला, बाबांनी सांगितलंय, ते वारले.