अर्धी पुरचुंडी

११ जानेवारी १९७६, रविवार

पेज तीन चमचे. एक गिळला, दोन उशीवर.

हे खरं तर वहीच्या पुढच्या बाजूला. डॉक्टर म्हणाला, "आजी, आजोबांनी रोज काय खाल्लं, किती खाल्लं, लिहून ठेवत जा." मी म्हटलं, "बाबा, मला अंगठा तेवढा येतो." म्हणून खैरून लिहिते. माझी सून, मराठी सातवी पास. पुढची बाजू डॉक्टरची. मागनं वही उघडली की माझी. ती डॉक्टरनं बघायची नाही, माझ्या पोरानं, रफिकनंही बघायची नाही. सुनेपुढं मात्र इलाज नाही — तिला नावं ठेवायची तर तिच्याच हातानं लिहून घ्यायची! आत्ता हसतेय बघा. लिही, "हसतेय" पण लिही.

माझं बोलणं ती शाळेतल्यासारखं सरळ करते. करू दे. माझी पाठ वाकली, बोलणं तरी सरळ होऊ दे.

म्हाताऱ्याला दिवाळीच्या आधी लकवा मारला. उजवं अंग गेलं, वाचा गेली. त्याचं नाव मी घेत नाही, खैरूनला सासऱ्याचं घेता येत नाही — दोघींत मिळून एक नाव लिहायचं तर घाम फुटला. लालासाब. झालं बाई एकदाचं.

आता पंधरा दिवस तोंड उघडत नाही. डॉक्टर म्हणाला, महिनाअखेरपर्यंत खाणं वाढलं नाही तर दवाखान्यात ठेवू, नाकातनं नळी घालू. मी विचारलं, मग घरी कधी? तो रक्तदाबाच्या यंत्राची नळी गुंडाळत बसला. एवढी काय गुंडाळायची असते ती!

१२ जानेवारी

पेज. तोंड भिंतीकडं.

१४ जानेवारी

शालूबाई शेजारनं तिळगूळ घेऊन आली. एक दाणा त्याच्या ओठाला लावला, फुंकून उडवला. आयुष्यभर गोड बोलला नाही, आता काय बोलणार.

बनियन शोधताना ट्रंकेत मादामची डबी सापडली.

म्हातारा पंचवीस वर्षं एका जहागीरदाराच्या बंगल्यावर खानसामा होता. तिथं पोरांना शिकवायला एक फ्रेंच बाई ठेवलेली. सगळे मादाम म्हणायचे. तिनं आपल्या देशातनं ह्या डबीत एक पूड आणली होती. चारच जिनसा — पांढरी मिरी, लवंग, जायफळ, सुंठ. तिखट नाही, गोड नाही. खिम्यात चिमूटभर टाकली की पोटात कुणी शाल पांघरल्यासारखी ऊब. डबी संपली तेव्हा मादाम रडकुंडीला आली म्हणे. म्हातारा रिकामी डबी घेऊन घरी आला, माझ्या नाकाखाली धरली. "हुंग," म्हणाला. मी हुंगली. दुसऱ्या दिवशी एक पुरचुंडी आणून पुढ्यात टाकली — "कूट." मी कुटली. मादामनं चाखली आणि म्हणाली, हुबेहूब! बंगल्यात ह्याचा मान वाढला, घरात मिशीचा पीळ वाढला.

पण प्रमाण? कधी सांगितलं नाही! दर महिन्याला बांधलेली पुरचुंडी यायची. "किती लवंगा, किती सुंठ?" म्हटलं की, "तू कूट." मी बायको की उखळी?

ताप आला की मात्र साहेबांना दुसरं काही चालायचं नाही. मटणाची अळणी — नुसतं शिजल्याचं पाणी — वर मादामची पूड चिमूटभर. तेवढंच गिळायचा.

आज डबी हुंगली. काही नाही. चाळीस वर्षांत वास राहतोय होय! खैरून म्हणाली, "आम्मा, येतोय की अजून!" तरुण नाक. दुसरं काय.

ठरवलं. ती पूड करायची.

१६ जानेवारी

कोल्हापुरात जन्म गेला. मसाला म्हटलं की आधी कढई, मग तेल. चारी जिनसा खरपूस भाजल्या, कुटल्या, अळणीत चिमूट सोडली. चमचा तोंडापाशी नेला — डाव्या हातानं असा फटकारला की भिंतीवर नकाशा उमटला! डावा हात झकास आहे, डॉक्टरला सांगा.

भिंत पुसताना आठवलं. पहिल्या खेपेलाही मी भाजायला घेतलं होतं आणि ह्यानं कढईच उचलून दारात पालथी केली होती. "कच्चं! मादामचं सगळं कच्चं कुटायचं!" आणि मी आज घातलेली मिरी काळी. वाण्याकडं पांढरी नाहीच.

१७ जानेवारी

रफिक एस.टी.वर ड्रायव्हर, गगनबावड्याची गाडी. त्याला म्हटलं, घाट चढून खालची कोकणातली माणसं येतात, त्यांच्याकडनं पिकलेली मिरी आण. लाल झालेली, ओली. भिजत घालून साल काढली की आत पांढरी निघते.

"आम्मा, बाप जेवंना झालाय आणि तू मिरी सोलत बसणार?"

"तुझी गाडी घाटात बंद पडली की काय करतोस रं? रडत बसतोस का बॉनेट उघडतोस?"

हसला. दिवाळीनंतर पहिल्यांदा. मग लगेच तोंड फिरवून बाहेर गेला.

१९ जानेवारी

मिरी आली. टॉवेलात बांधून, शेरभर. घागरीत भिजत घातली. न्हाणीत ठेवली. आठ दिवस लागतील.

ह्याचे आठ दिवस कुठं ठेवू?

२१ जानेवारी

पेज दीड चमचा. छातीची हाडं दिसायला लागली. अंग पुसताना बोट फासळीवर थांबतं, पुढं जात नाही.

वहीला एक सांगते. त्याला ठाऊक नाही. तो पुरचुंडी टाकून गेला की मी कुटता कुटता हुंगायची, आणि रागानं माझ्या डब्यातलं काहीबाही त्यात टाकायची. कधी सुंठेचा तुकडा, कधी दोन लवंगा, कधी जायफळ घासायची. म्हटलं, सांगत नाहीस ना, मग बिघडवतेच तुझी पूड! मादामनं एकदा तरी थुंकावं, ह्याची मिशी एकदा तरी खाली यावी. पण मेली प्रत्येक वेळी म्हणायची, हुबेहूब.

पंचवीस वर्षं त्याच्या मसाल्यात लबाडी केली. खैरून माझ्याकडं डोळे मोठे करून बघतेय. तुझ्याही डाळीत करते गं, खाली मान घाल आणि लिही.

२३ जानेवारी

शालूबाई नाकाला पदर लावून दारात. "सुलतानबी, न्हाणीत काय मेलंय का तुमच्या? गल्लीत उभं ऱ्हावंना की!"

"मिरी भिजतीया."

"मिरी? मला वाटलं म्हाताऱ्याला ठेवलासा आत!"

तिच्या जिभेला हाड नाही. पण रोज येऊन त्याच्या पायाला तेल चोळून जाते, म्हणून ऐकून घेते. खैरूनही न्हाणीत जाताना श्वास कोंडते. नाटकं सगळ्यांची! मी दिवसातनं चार वेळा घागर हलवते, मला तर काही होत नाही.

२४ जानेवारी

दूध करपलं. मी चुलीपाशीच बसले होते. खैरून परसातनं ओरडत आली. डोळा लागला असणार माझा.

२७ जानेवारी

मिरी चोळली, साल सुटली. परातीत पांढरे दाणे. माझ्या तोंडात नाहीत तेवढे दात!

उन्हात घातली. त्याला उचलून दारापाशी बसवलं, परात दाखवली. बराच वेळ बघत होता. मग माझ्याकडं बघितलं. मी म्हटलं, "आता तरी सांगा. लवंग जास्त का सुंठ? लवंगेला एकदा डोळा मिटा, सुंठेला दोनदा."

दोन्ही डोळे मिटून घेतले आणि उघडलेच नाहीत. वाचा गेली तरी गुपित पोटात!

२९ जानेवारी

लवंग जास्त. थुंकला.

सुंठ जास्त. थुंकला.

जायफळ जास्त. तोंडच उघडलं नाही.

३० जानेवारी

डॉक्टर येऊन गेला. सोमवारी दवाखाना. खाट ठरली. पुढच्या बाजूचे आकडे वाचत होता, मी त्याच्या तोंडाकडं. रफिक रजेचा अर्ज लिहून आला. किती दिवसांची, तर म्हणाला, "लिहिलं न्हाय आम्मा. मोकळं सोडलंय."

३१ जानेवारी

कळंब्यावरनं आकाराम आला. बंगल्यावर म्हाताऱ्याच्या हाताखाली होता, कांदा चिरायला, भांडी घासायला. आता स्वतःच काठीवर. सोमवारी नेणार हे ऐकून भेटायला आला. बराच वेळ म्हाताऱ्याचा डावा हात धरून बसला. मग बाहेर आला, खलबत्ता बघितला.

"काय कुटतायसा वैनी?"

"मादामची पूड. प्रमाण ठाऊक असंल तर सांगा भावजी. तुमच्या उस्तादानं मरंस्तोवर न सांगायची शपथ घेतलीया."

आकाराम हसायला लागला. मग हसू थांबलं.

"वैनी, त्येला कुठं ठाऊक हुतं!"

मी बत्ता खाली ठेवला.

"हाताला येईल ते बांधायचा. त्येबी मुद्दाम कमीच. म्या इचारलं बी एकदा, उस्ताद, अर्धीच पुरचुंडी? तर म्हणाला, बाकीचं सुलतान घालती. एकदा डबी हुंगलीया तिनं, ती बराबर तितवर आणून सोडती. म्या म्हटलं, मग सांगा की वैनीस्नी तसं. तर म्हणाला, न्हाय रं. रागानं घालती म्हणून बराबर पडतंय. सांगितलं तर इचार करंल, आन् हात आवरंल तिचा."

खैरूननं लिहायचं थांबवलं. लिही म्हटलं. मला रडू येत नाहीये, धूर आहे.

चूल विझलेली आहे, असं ती म्हणते. गप्प बस.

१ फेब्रुवारी, रविवार

पहाटेपासून बसले. अर्धी पुरचुंडी बांधली, कुटली, हुंगली. काही नाही. लवंग घातली, हुंगली. काही नाही. मूठभर घातली. काही नाही.

खैरूनला म्हटलं, माझे डोळे बांध. एकेक नाकाखाली धर.

"हं, धर की."

"धरलंय आम्मा."

"काय?"

"कापूर."

मग हिंग. मग घासलेट. मग लसूण ठेचून. शेवटी तिनं काही न सांगता माझे डोळे सोडले. तिचे डोळे लाल झाले होते — लसणानं असेल.

कधी गेलं माझं नाक? सांगूनही गेलं नाही. दूध करपलं तेव्हा नव्हतं. घागर सडली तेव्हा नव्हतं. डबीत वास होता, मला नव्हता. सगळी गल्ली नाक धरून फिरत होती आणि मी शहाणी हसत होते! कुटलेली पूड मादामच्या डबीत भरली, दोरा बांधून फळीवर ठेवून दिली.

दुपारी त्याच्यापाशी बसले. मानेत नाक खुपसलं. अठ्ठेचाळीस वर्षांचा तिथला वास — तंबाखू, घाम, धुराच्या आत कांदा. काही नाही. माणूस की उशी, कळेना.

त्याच्या कानात म्हटलं, "आकाराम सगळं बोलला. लबाड! पण आता उशीर झाला. माझं नाक गेलं. तुमची जीभ गेली. आता पूड व्हायची न्हाय. उद्या नेतील तुम्हाला."

एकाच डोळ्यातनं पाणी आलं त्याच्या. दुसरा कोरडाच.

२ फेब्रुवारी

अळणी, एक वाटी. पूर्ण!

सकाळी तोंडापाशी चमचा नेला आणि त्यानं आपणहून आ केला. माझ्याकडं बघत बघत गिळत होता. गिळताना गळ्याची शीर ताठ होत होती, पण थांबला नाही. शेवटच्या घोटाला डोळे मिटले, मान हलवली. मादाम हलवायची म्हणे तशी. हुबेहूब!

रफिकनं दारातली रिक्षा परत पाठवली. म्हणाला, आज राहू दे.

वाटी घासताना खैरून म्हणाली, "आम्मा, पूड किती घातलीस गं शेवटी?"

"मी? तू घातलीस न्हवं?"

डबी फळीवर होती. काल बांधलेला दोरा तसाच. नुसतीच अळणी प्याला म्हातारा.

डॉक्टरच्या बाजूला लिही — एक वाटी. आणि उद्यापासून डबी त्याच्यासमोर उघडायची, चिमूट सोडल्यासारखं करायचं. विचारायचं काही नाही. विचारलं तर तोंड मिटेल त्याचं.