मिठाच्या पाण्याची चूळ

४ तारीख

शी! आज कच्चा कांदा. कांद्याच्या खाली तंबाखू, आणि तंबाखूच्या खाली दोन दिवस न घासलेले दात. धाकट्या भावाची चिठ्ठी डोळे मिटून, नाक दाबून चाटली. आणि मजकूर काय, तर 'खिंडीत हालचाल नाही, चाळीस माणसं ठणठणीत.' एवढ्यासाठी हे भोगायचं.

ही लिपी ज्याने काढली त्याला सख्खा भाऊ नसणार. शाईत लिहिणाऱ्याची थुंकी कालवायची. कागदावर दिसतो नुसता डाग. एकाच आईचं दूध प्यायलेल्याने तो जिभेवर ठेवला, की शब्द तोंडात उमटतात. शत्रूने पारवा पकडला तर बसू दे चाटत. म्हणून आमच्या खात्यात भावंडांच्या जोड्याच घेतात — एक चौकीवर, एक इथे कचेरीत. लहानपणी मी या माणसाचा उष्टा पेला दोनदा विसळून घ्यायचे. आता रोज सकाळी, सगळ्यांदेखत, त्याची थुंकी चाटते.

मी बोलते, कारकून उतरवून घेतो. मग मोरीवर जाऊन मिठाच्या पाण्याची चूळ. मिठाने शब्द मरतात, नाहीतर दिवसभर तोंडात तेच तेच वळवळत राहतं. नियम एका चुळीचा आहे. मी तीन भरते.

५ तारीख

लसूण. शेजारच्या टेबलावरचीची बहीण म्हणे बडीशेप चघळून लिहिते. असतं एकेकीचं नशीब.

७ तारीख

आज काय होतं ते लिहवत नाही. बहुतेक मासा. बहुतेक परवाचा.

बस झालं. चौकीला उत्तर पाठवायचं होतं, त्याच्या शेवटी मी आपलं घुसडून दिलं — 'मेल्या, लिहायला बसण्याआधी मिठाच्या पाण्याने खळखळून चूळ भरत जा, नाहीतर आईला सांगेन.' कारकून म्हणाला, "अहो बाई, सरकारी चिठ्ठीत हे?" म्हटलं, उद्याची तुम्ही चाटा. तेव्हा पारवा आणायला उठला.

घरी आल्यावर आईलाही सांगितलंच. ती हसत सुटली. तिला हसायला काय जातंय!

८ तारीख

ऐकलं! आयुष्यात पहिल्यांदा या मुलाने माझं ऐकलं. आजची चिठ्ठी स्वच्छ. कांदा नाही, तंबाखू नाही, काहीच नाही. मजकूरही नाही. साहेबांनी विचारलं, तर म्हटलं, "कोरी आहे. कंटाळा केला असेल, पहिल्यापासून आळशी आहे तो." सांगण्यासारखं काही नसलं की नुसता डाग टाकून पाठवायचा रिवाज आहेच. कारकुनाने समोर 'ठीक' लिहिलं.

कित्येक महिन्यांनी दुपारचं जेवण गोड लागलं.

९ तारीख

परत कोरी. दोन घास जास्तच गेले.

१० तारीख

सकाळपासून तीन पारवे आले. तिन्ही चिठ्ठ्या कोऱ्या. तिसऱ्या पारव्याचा एक पंख अर्धा जळालेला होता. साहेब वैतागले — "पारवे उडवायचा छंद लागलाय का तुझ्या भावाला? नोकरी जाईल म्हणावं." मीही हसले. हसले मी.

मग सवयीने मोरीवर गेले. धुण्यासारखं तोंडात काही नव्हतं, तरी मीठ कालवलं. पेला ओठांशी नेला आणि हात तिथेच थांबला. मिठाने शब्द मरतात. रोज तीन-तीनदा तेच करते मी. आणि तेच त्याला करायला सांगितलं. त्याला काय ठाऊक मिठाचं? तो माझ्या चिठ्ठ्या वाचूनही कधी चूळ भरत नाही, मेला.

पाच चिठ्ठ्या. त्यात काय काय लिहिलं असेल त्याने!

साहेबांना सगळं सांगितलं. त्यांचा चेहरा उतरला. ओरडले असते तर बरं झालं असतं. दुपारच्या आत स्वार निघाले, पण खिंड दोन दिवसांच्या वाटेवर. मी पारवा सोडला — 'चूळ भरू नकोस. परत लिही.' शाईत थुंकायला तोंडात ओलावा नव्हता.

११ तारीख

पारवा नाही.

आईने विचारलं, "धाकटा काय म्हणतो? भरतो का गं चूळ हल्ली?" म्हटलं, भरतो. मान वर करून तिच्याकडे बघवेना. मला त्याची किळस यायची. आज माझी मलाच येते. एका कांद्यापायी चाळीस माणसं.

१२ तारीख

नाही. कारकुनाने न विचारता पाण्याचा पेला आणून ठेवला. तसाच राहिला.

१३ तारीख

आला! कांदा. तंबाखू. रक्त. आणि तीन दिवसांचं न धुतलेलं तोंड. 'ताई, खिंड राखली. स्वार पोचले. सातजण गेले. मी आहे. आता नाक मुरडू नकोस.'

कारकुनाला सांगताना सात हा आकडा दोनदा सांगितला. मोरीवर गेले नाही. संध्याकाळ झाली, तोंडात अजून त्याचीच बडबड चालू आहे. चूळ भरलेली नाही.