दुसऱ्या मोठ्या माणसाचा नियम

प्रिय वेंडेल,

तू उत्तरेला तेलविहिरींवर असताना तुझ्या कोरिनवर लक्ष ठेवायचं मी कबूल केलं होतं. म्हणून आधी माझी चूक सांगते. बाहेरगावच्या स्पर्धेला मुलांबरोबर दोन मोठी माणसं हवीत, हा स्केटिंग क्लबचा नियम. यंदा दुसरं माणूस मिळेना, तेव्हा सभेत मीच गरजले, “लोर्नसारख्या प्रशिक्षकावर पहारा? लाज कशी वाटत नाही?” टाळ्या पडल्या आणि नियम गेला.

तीन हिवाळे लोर्न आपल्या दारातला बर्फ उपसत होता. लेकराच्या आधी त्याने आपल्याला माणसाळवलं.

काल कोरिनच्या बॅगेत नवा फोन दिसला.

“कुणी दिला गं?”

“लोर्न सरांनी. आत्या, आईला सांगू नकोस हं. सर म्हणतात, घरात माझी कुणाला कदरच नाही.” मग हळूच म्हणाली, “शनिवारी स्पर्धेसाठी रिजायना शहरात आम्ही दोघंच जाणार. मला नाही जायचं. पण त्यांना वाईट वाटेल.”

बारा वर्षांची पोर, आणि जपतेय कुणाच्या मनाला!

“वाटू दे,” मी म्हटलं. “तुझं काहीही चुकलेलं नाही.”

तुझ्या मार्लाला, पोरीच्या आईला, मी लगेच सगळं सांगितलं. ती आधी म्हणाली, “अहो, देवमाणूस आहे तो!” माझंच भाषण मला ऐकवलं तिने. मग तिने फोनमधले निरोप वाचले आणि गाडीची किल्ली उचलली. फोन आम्ही पोलिसांकडे दिला. शनिवारचं जाणं रद्द.

हे पत्र टाकत नाही; तुला आत्ताच फोन करते. संध्याकाळी सभेत तो नियम परत मागणार आहे. कुणीतरी विचारेलच, “अर्डिथबाई, संशय तरी कुणाकुणावर घ्यायचा?”

मी सांगणार आहे, “सुरुवात माझ्यापासून करा.”

तुझी बहीण,
अर्डिथ