धाकट्याच्या हाताचा शॉट

मी, खाली सही करणारी, रॉक मैफलींचे माहितीपट करणारी बाई, अविवाहित, डोक्याने शाबूत आणि गुडघ्यांनी निकामी, कोणाच्याही दडपणाला बळी न पडता हे मृत्युपत्र लिहीत आहे. आधीचे मृत्युपत्र रद्द समजावे. ते मी रागात केले होते. हे हेव्यात करत आहे, आणि हेव्यात मी जास्त नीट विचार करते.

१. राहते घर, संकलनाच्या अंधाऱ्या खोलीसह, माझ्या भाचीला. तिचा बाप म्हणजे माझा धाकटा भाऊ, गायक. त्याचे घर लोकांच्या मनात आहे, असे तोच मुलाखतींतून सांगत असे. तेव्हा त्याची सोय झालेली आहे.

२. कॅमेरे आणि भिंगे भाचीलाच. माझ्या काळ्या शर्टांची मात्र फडकी करावीत. मैफलीत कॅमेरावाल्यांनी काळेच घालायचे, म्हणजे ते कोणाला दिसत नाहीत. मी जन्मभर दिसले नाही.

३. आईची आरामखुर्ची धाकट्याला. तीत बसून ती माझी प्रत्येक फिल्म बघायची. "धाकटा कित्ती गोड दिसतोय गं!"

"आई, ते मी काढलंय."

"हो गं, पण दिसतोय तो ना?"

लहानपणी घरात एकच गिटार होती. बोटे माझी चांगली चालायची, पण तो रडला, म्हणून ती त्याला मिळाली आणि मला कॅमेरा. त्याचा हेवा मला तेव्हापासून वाटतो. वकील म्हणाले, हे लिहायची गरज नाही. मला आहे.

४. शेवटच्या मैफलीचे चित्रण. शेवटचे गाणे संपताच धाकटा मंचाच्या कडेला आला, वाकला आणि त्याने पंजा थेट माझ्या भिंगासमोर धरला. चित्र काळे झाले. मला वाटले, माझे एवढेसे कामसुद्धा याला बघवत नाही. मी चित्रण कपाटात कोंडले आणि त्याच्याशी बोलणे टाकले. पुढे त्याच्या घशाचे ऑपरेशन झाले, आवाज कायमचा गेला, तरी मी त्याला भेटायला गेले नाही. त्यानेही कधी खुलासा केला नाही. तो मानी, मी त्याहून.

आमच्या धंद्यात कॅमेऱ्याचा स्वतःचा आवाज कोणी ऐकत बसत नाही. त्यात नुसता कल्ला असतो. ध्वनीवाल्याचे स्वच्छ रेकॉर्डिंग चित्राशी जुळवेपर्यंतच तो ठेवतात, मग पुसतात. परवा आवराआवर करताना मी तो पुसायलाच बसले होते. ड्रम्स थांबतात तिथे, माइकपासून तोंड फिरवून, धाकटा म्हणतो, "ताई, ये ना वर. हात दे."

तो मला मंचावर बोलावत होता. मी गेले नाही, याचा अर्थ त्याने काय लावला असेल, ते मला आता कळते. मला रडू आले. लगेच हेवाही वाटला, की मोठेपणा दाखवायची संधीसुद्धा यालाच मिळाली.

चित्रण धाकट्याला द्यावे. अट एकच: त्या जागी कॅमेऱ्याचाच आवाज ठेवावा, खरखरीसकट. त्याचा टिपलेला शेवटचा शब्द गाण्यातला नाही, मला मारलेली हाक आहे. हे सगळ्यांना ऐकू जावे, एवढी माझी हाव आहे.

साक्षीदार पहिले: शेजारचे दातांचे डॉक्टर. (सही)

साक्षीदार दुसरे: ध्वनीवाला. "बाई, माझ्या रेकॉर्डिंगमध्ये काय वाईट होतं?" असे म्हणत, आढेवेढे घेत. (सही)

ज्याला काही मिळणार त्याने साक्षीला बसू नये, असे वकील म्हणतात. म्हणून भाचीकरवी बोलावून आणलेला धाकटा बाहेर आईच्या खुर्चीत बसला आहे. सह्या झाल्या की दार मी स्वतः उघडणार आहे आणि हात मीच पुढे करणार आहे. त्याने आधी केला, तर मला पुन्हा हेवा वाटेल.

ठिकाण: संकलनाची खोली.
तारीख: धाकट्याच्या वाढदिवसाची. वकिलांना दुसरा दिवस मोकळा नव्हता.
सही: ताई