ओठ हलायला हवे होते

मास्तर,

१४ मार्च १९२६, सकाळी अकरा वाजून दहा मिनिटे. मूकपटात तुम्ही गाण्याचे मास्तर, मी शिष्या; खऱ्या आयुष्यातही तेच. कॅमेरा फिरत होता. तुम्ही विचारलंत, "लग्न करशील माझ्याशी?" मी हो म्हटलं. दृश्य संपताच हसलात, "वेडे, नुसते ओठ हलायला हवे होते!"

पडद्यावर त्या बोलण्याच्या जागी पाटी आली: 'आजचा धडा पुरे.'

चाळीस वर्षं मुलींना गाणं शिकवून निवृत्त झाले, एकटीच. काल कळलं, लग्न तुम्हीही केलं नाहीत. मग तो अभिनय होता, की माझा होकार ऐकून घाबरलात?

शनिवारी दुपारी बाराच्या आत लेखी उत्तर हवं. याआधीची अकरा पत्रं माझ्याच खणात पडून आहेत, ही सबब चालणार नाही.

तुमची शिष्या